फाउंडर्स ऑनलाइनवर जॉर्ज मेसन शोधताना

व्हर्जिनियातला तंबाखूचा बडा मळेवाला, तिथल्या विधिमंडळाचा सभासद, तिथल्याच १७७६ च्या हक्कांच्या जाहीरनाम्याचा मुख्य कर्ता आणि १७८७ मध्ये फिलाडेल्फियाच्या राज्यघटना अधिवेशनात शेवटपर्यंत बसूनही राज्यघटनेवर सही न करणारा जॉर्ज मेसन मूळ कागदांतून वाचायचा असेल, तर अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराची ‘फाउंडर्स ऑनलाइन’ ही सेवा आधी उघडावी. फुकट आहे, नोंदणी लागत नाही, १,८५,००० च्या वर कागद आहेत. मात्र हा संग्रह वॉशिंग्टन, जेफरसन, मॅडिसन, फ्रँकलिन, ॲडम्स, हॅमिल्टन आणि जॉन जे या सात संस्थापकांभोवती रचलेला आहे. मेसन भेटतो तो त्यांच्या टपालातून आणि रोजनिशांतून.

म्हणून नुसतं नाव टाकून शोधू नये. लेखक मेसन, प्राप्तकर्ता वॉशिंग्टन अशी चाळणी लावावी, मग उलटी. ५ एप्रिल १७६९ ची जोडी लगेच हाती लागते: ब्रिटिश मालावर बहिष्काराची योजना, पत्र आणि उत्तर एकाच तारखेचं, कारण दोघे शेजारी. पुढच्याच महिन्यात गव्हर्नरने विधिमंडळ बरखास्त केलं आणि सभासदांनी विल्यम्सबर्गच्या रॅले टॅव्हर्नमध्ये जमून बहिष्काराचा करार केला. मेसन तेव्हा सभासद नव्हता. छापील खंडांतल्या तळटीपा इथे जशाच्या तशा दिल्या आहेत, आणि खरी किंमत त्यांचीच. ७ ऑक्टोबर १७८७ चं पत्रही जरूर काढा. त्यासोबत मेसनने राज्यघटनेवरचे आपले आक्षेप वॉशिंग्टनला धाडले. मैत्री तिथून आटली. १७९२ च्या एका पत्रात वॉशिंग्टन त्याला चक्क एकेकाळचा मित्र म्हणतो.

मळेवाला मेसन पत्रांपेक्षा वॉशिंग्टनच्या रोजनिशीत जास्त सापडतो. मार्च १७६० मध्ये वॉशिंग्टनने चेरीची ४० आणि प्लमची १२ कलमं बांधली, ती मेसनकडून आली होती. पूर्ण नावाने शोधलं तर अशा नोंदी निसटतात. वॉशिंग्टन मेसनचा ‘कर्नल’ हा हुद्दा ‘कोलो.’ (Colo.) असा तोडून लिहितो, कधी एका ‘एल’ने, कधी दोन, त्यामुळे दोन्ही रूपं टाकून पाहावीत. शिवाय थोरल्या मुलाचं नावही जॉर्जच, तेव्हा तारीख आणि तळटीप पाहिल्याशिवाय कागद बापाच्या खात्यावर मांडू नका.

सर्वात मोठं भगदाड गुलामगिरीबाबत आहे. २२ ऑगस्ट १७८७ ला मेसनने गुलामांच्या व्यापारावर कडाडून टीका केली, गुलामांचा प्रत्येक मालक जन्मजात छोटा जुलमी असतो म्हणाला. (स्वतःचा गन्स्टन हॉलचा मळा गुलामांच्याच कष्टांवर चालत होता, आणि मृत्युपत्रातही त्याने कुणाला मुक्त केलं नाही.) ते भाषण मॅडिसनच्या टिपणांत आहे, पण इथे मॅडिसनच्या कागदांत अधिवेशनातली फक्त मॅडिसनची स्वतःची भाषणं घेतली आहेत. पूर्ण दिवसाची चर्चा येल विद्यापीठाच्या ‘ॲव्हलॉन प्रोजेक्ट’वर वाचावी. गन्स्टन हॉलच्या गुलामांविषयी इथे फार काही मिळेल अशी आशा धरू नये. त्यासाठी फेअरफॅक्स काउंटीच्या दप्तराकडेच वळावं लागतं.

हक्कांच्या जाहीरनाम्याचं उलट आहे: तो मॅडिसनच्या १७७६ च्या कागदांत आहे. मेसनच्या मसुद्यात धर्माबाबत ‘सहिष्णुता’ होती, मॅडिसनने तिथे सर्वांचा समान हक्क आणला. तो बदल कसा झाला हे तिथल्या टिपांइतकं नीट क्वचितच कुठे कळतं.

उद्धृत करण्याआधी कागदाखालची खूण वाचा. ‘ए. एल. एस.’ म्हणजे लेखकाने स्वहस्ते लिहून सही केलेलं मूळ पत्र. ‘एल. बी.’ म्हणजे पत्रवहीतली नक्कल, आणि पाठवलेल्या पत्रापेक्षा तिची शब्दरचना वेगळी असू शकते. ‘अर्ली ॲक्सेस’ असा शिक्का असेल तर तो मजकूर अजून अंतिम तपासणीतून गेलेला नसतो, तळटीपाही नसतात. वाचायला चालेल, उद्धृत करताना तसं नमूद करा.