ज्युडी डेंच की मॅगी स्मिथ: आधी कुणाचं काम बघावं?

हाताशी दोनच मोकळ्या संध्याकाळी असतील, तर पहिली सूचना अशी: ज्या भूमिकांमुळे या दोन ब्रिटिश अभिनेत्रींची नावं तुम्हाला ठाऊक आहेत, त्या बाजूला ठेवा. ज्युडी डेंच म्हणजे बाँडपटांतली बाँडची वरिष्ठ एम आणि मॅगी स्मिथ म्हणजे हॅरी पॉटरमधल्या मॅकगोनॅगल बाई, एवढ्यावरच बहुतेकांची ओळख थांबते. मॅगीबाईंनी तर स्वतःच सांगून टाकलं होतं, की पॉटर आणि 'डाउन्टन ॲबी' या मालिकेत आपण खऱ्या अर्थानं अभिनय करतोय असं वाटलंच नाही.

जन्म दोघींचा डिसेंबर १९३४ चा, १९ दिवसांच्या अंतरानं. ज्युडीबाई १९५७ मध्ये ओल्ड विक या नाटक कंपनीच्या 'हॅम्लेट'मधली ऑफिलिया म्हणून आल्या आणि शेक्सपिअरमध्ये मुरल्या. मॅगीबाई आल्या रिव्ह्यूमधून, म्हणजे गाणी, नकला, छोटे प्रवेश. १९५६ मध्येच ब्रॉडवेवर जाऊन आलेल्या. हशा कुठे घ्यायचा आणि कुठे गिळून पुढे जायचं, हे त्यांना तिथे कळलं असावं. पुढे नट-दिग्दर्शक लॉरेन्स ऑलिव्हिएच्या नॅशनल थिएटरात 'ऑथेल्लो'मधली डेस्डेमोना केली तरी ते अंगातून गेलं नाही.

ऑस्कर मोजून काही ठरवू नका. मॅगीबाईंना दोन मिळाले, त्यातला १९७८ च्या 'कॅलिफोर्निया स्वीट'साठीचा तर ऑस्कर हुकलेल्या नटीच्या भूमिकेला! ज्युडीबाईंना एकच, तोही 'शेक्सपिअर इन लव्ह'मधल्या जेमतेम आठ मिनिटांच्या एलिझाबेथ राणीसाठी.

ज्युडीबाईंचं बघायचं तर १९७६ चं 'मॅकबेथ'. दिग्दर्शक ट्रेव्हर नन यांनी ते स्ट्रॅटफर्डच्या पत्र्याच्या शेडवजा छोट्या थिएटरात बसवलं, मॅकबेथ इयन मॅकेलन, लेडी मॅकबेथ ज्युडीबाई. त्याचं टीव्हीसाठी केलेलं चित्रण १९७९ मध्ये दाखवलं गेलं. अंगावर काळे कपडे, डोक्याला काळं फडकं, नेपथ्य जवळपास नाहीच. झोपेत चालण्याच्या प्रवेशात त्यांच्या घशातून जो आवाज निघतो, तो लांबत जातो, बारीक होत विरतो, आणि बाई आपल्यासमोर रिकामी होते. नाटकात काम करणाऱ्यांनी हेच आधी बघावं. अडचण एकच, भाषा. नाटक आधी वाचलेलं नसेल तर पहिला अर्धा तास झटापटीत जाईल.

मॅगीबाईंसाठी मी ब्रिटिश नाटककार ॲलन बेनेटची १९८८ ची 'बेड अमंग द लेंटिल्स' सुचवेन. टीव्हीसाठीचं एकपात्री, तासाभराच्या आतलं. सुझन ही पाद्र्याची बायको, चोरून दारू पिणारी. नवऱ्याच्या भोवती जमणाऱ्या भक्तिणींवर ती असे काही टोमणे मारते की आपण हसतो, आणि हसताना तिच्या डोळ्यांकडे बघायचं राहून जातं. मग येतो रमेश, लीड्समधला भारतीय वाणी. त्याच्या गोदामात, डाळींच्या पोत्यांमध्ये तिला प्रेम मिळतं. आणि प्यायल्याशिवाय यायला जमत नाही का, असं तोच तिला विचारतो. मॅगीबाई हे जवळजवळ न हलता, सपाट आवाजात सांगतात. खवचट म्हातारी हा त्यांच्यावर नंतर बसलेला शिक्का किती अपुरा होता, ते इथे कळतं.

दोघींना एकत्र बघायचा मोह होईल. राजस्थानात चित्रित झालेला मॅरिगोल्ड हॉटेलवाला चित्रपट गोड आहे, पण त्यात दोघींचाही कस लागत नाही. त्यापेक्षा १९८५ चा 'अ रूम विथ अ व्ह्यू' बरा.

माझं मत विचाराल तर आधी मॅगीबाई. सुझन थकवत नाही, भाषा आडवी येत नाही, आणि संपल्यावर लगेच पुन्हा लावावीशी वाटते. दुसऱ्या संध्याकाळी 'मॅकबेथ'. दिवे घालवून बघा मात्र. ते चित्रणच इतकं काळोखातलं आहे की ट्यूबलाइटखाली निम्मे चेहरे दिसायचेच नाहीत.