‘बसतंय की साहेब’ म्हणून घेतलेली मॅग व्हील

माझी स्विफ्ट २०१४ ची, व्हीएक्सआय. ऑक्टोबर २०२३ मध्ये तिचे टायर पार गोटा झाले होते. नवे टायर घ्यायचेच होते, तेवढ्यात मुलाने हट्ट धरला की बाबा, या वेळी मॅग व्हील, म्हणजे लोखंडीऐवजी मिश्रधातूची चाकं, टाकू. दसरा तोंडावर होता, हातात बोनसचे थोडे पैसे होते. पुण्यातल्या एका मोठ्या, चकचकीत दुकानात गेलो. दुकानाचं नाव इथे लिहीत नाही, कारण हा प्रकार एकाच दुकानात होतो असं समजून तुम्ही बाकीच्या ठिकाणी बेसावध राहाल.

दुकानदाराने चार रिम, म्हणजे टायर ज्यावर चढतो ती धातूची चाकं, दाखवल्या. पंधरा इंची, दहा काड्यांच्या, मधल्या झाकणावर सुझुकीचा ‘एस’. “स्विफ्टच्या टॉप मॉडेलच्या आहेत साहेब. एकाने नवी गाडी घेतली आणि लगेच सोळा इंची टाकल्या, म्हणून या निघाल्या. शंभर किलोमीटरही चालल्या नाहीत.” रिमचे १६,०००. सोबत चार ‘नवे’ टायर, प्रत्येकी ४,८००. माझ्या जुन्या लोखंडी डिस्क आणि टायरचे ३,२०० वजा. एकूण ३२,०००.

मी विचारलं, “माझ्या गाडीला बसतील ना?” त्याने पोराला हाक मारली, पोराने एक रिम उचलून हबवर, म्हणजे चाक ज्याला बसतं त्या गाडीच्या भागावर, चढवली, दोन नट हाताने फिरवले. “बसतंय की साहेब, बघा तुमच्या डोळ्यांनी.” मी बघितलं आणि माझं समाधान झालं. पुढचं सगळं या एका वाक्यातून घडलं.

बिलाचं विचारल्यावर तो म्हणाला, पक्कं बिल घेतलं तर वर २८ टक्के जीएसटी लागेल, कच्च्यावर घ्या, वॉरंटी मी देतो. हे धादांत खोटं होतं. छापील किमतीत कर धरलेलाच असतो, तो वरून लावता येत नाही. पण त्या क्षणी पैसे वाचतायत एवढंच डोक्यात होतं. २०,००० यूपीआयने दिले, १२,००० रोख. दुकानातच गाडीला हार घातला, नारळ फोडला, मुलाने फोटो काढले. ते फोटो पुढे फार कामाला आले.

पंधरवड्यात ऐंशीच्या पुढे गेलं की स्टिअरिंग थरथरायला लागलं. दुकानात गेलो. त्यांनी चारही चाकं उतरवून बॅलन्सिंग केलं, म्हणजे चाकाचं वजन सगळीकडे सारखं केलं, पैसे घेतले नाहीत. मशीनवर दोन्ही बाजूंना शून्य फरक आलेला मला मुद्दाम दाखवला. तरी थरथर होतीच. पुन्हा गेलो, अलाइनमेंट करून दिली. “नवे टायर आहेत, पाचशे किलोमीटर जाऊ द्या, सेट होतील.” तिसऱ्यांदा गेलो तेव्हा सूर बदलला: “तुमची गाडी जुनी आहे साहेब, सस्पेन्शन बघून घ्या.” मी खरोखर एका गॅरेजमध्ये जाऊन सस्पेन्शनवर साडेतीन हजार घातले.

डिसेंबरमध्ये मामेबहिणीचा साखरपुडा होता साताऱ्याला. मी, बायको, मुलगा आणि मागे आई. खेड शिवापूरचा टोलनाका ओलांडला आणि पुढच्या डाव्या चाकातून टक्… टक्… असा आवाज यायला लागला. वेग कमी केला की ठळक ऐकू यायचा. आई म्हणाली, “अरे, काहीतरी सुटलंय बघ.” शिरवळच्या अलीकडे एका पंक्चरवाल्याच्या टपरीसमोर गाडी घेतली. पुढे खंबाटकीचा घाट होता. त्या दिवशी आईने टोकलं नसतं तर मी तसाच घाट चढलो असतो, हे आजही आठवलं की पोटात गोळा येतो.

पंक्चरवाल्याने पाना लावला. चारपैकी दोन नट नुसत्या बोटांनी फिरले. त्याने चाक उतरवलं, उलटं केलं, आणि बराच वेळ काही बोललाच नाही. मग म्हणाला, “दादा, हे मॅग तुमच्या गाडीचं न्हाई. पुंटोचं हाय.”

त्याने मला खाली बसवून जे दाखवलं ते मी नीट सांगतो, कारण एवढं कळलं असतं तर पुढचं काहीच झालं नसतं.

चाकाच्या चार नटांची भोकं एका वर्तुळावर असतात. त्या वर्तुळाच्या व्यासाला पीसीडी म्हणतात. स्विफ्टची पीसीडी चार भोकं, १०० मिलिमीटर. फियाट पुंटोची चार भोकं, ९८ मिलिमीटर. व्यासात फरक दोन मिलिमीटरचा, म्हणजे प्रत्येक नट आपल्या भोकाच्या मध्यापासून एक मिलिमीटर बाहेर. एवढा फरक डोळ्यांना दिसत नाही. नटाचं तोंड शंकूसारखं निमुळतं असतं आणि ते भोकाच्या तशाच निमुळत्या खळगीत सगळीकडून टेकलं पाहिजे, तरच नट घट्ट राहतो. माझ्या रिमच्या खळगीत घासल्याची चकाकी फक्त बाहेरच्या बाजूला होती, चंद्रकोरीसारखी. आतल्या बाजूचा रंग तसाच शाबूत. म्हणजे दोन महिने माझे नट एका कडेवर लटकले होते. दोन भोकांत तर कानशीचे ओरखडे होते. नट शिरावा म्हणून कोणीतरी ती बाहेरच्या बाजूला घासून लांबट केली होती. इथे माझा शेवटचा संशयही फिटला. चूक झाली असती तर कानस लागली नसती.

दुसरी गोष्ट मधल्या मोठ्या भोकाची. स्विफ्टच्या हबचा मधला उंचवटा ५४.१ मिलिमीटरचा, पुंटोच्या रिमचं भोक ५८.१ चं. भोक मोठं असल्यामुळे रिम हबवर सहज चढते. दुकानातल्या पोराने ती ‘बसवून’ दाखवली ती अशी. पण चढलेली रिम तिथे सैल असते, चारही बाजूंनी दोन-दोन मिलिमीटरची फट. भोक मोठं आणि बाकी सगळं जुळत असेल तर मध्ये प्लास्टिकची किंवा अॅल्युमिनियमची रिंग घालून काम भागतं. पीसीडीच चुकली असेल तर रिंगने काही होत नाही.

बॅलन्सिंगचं कोडंही त्याच वेळी सुटलं. बॅलन्सिंगचं मशीन चाकाला त्याच्या स्वतःच्या मधल्या भोकातून शंकू घालून पकडतं. तिथे चाक अगदी मध्यावर असतं, त्यामुळे शून्य येणारच. गाडीवर चढवलं की ते मध्यावरून सरकतं. मशीन खरं सांगत होतं आणि गाडीही. दुकानदाराला हे माहीत नसेल यावर माझा विश्वास नाही, कारण त्याचं रोजचं काम तेच आहे. पुंटो रांजणगावच्या कारखान्यात बनायची. त्या गाड्या आता बंद झाल्या, आणि त्यांच्या रिम स्वस्तात निघतात. पंक्चरवाला म्हणाला की अशा रिम त्याच्याकडे आधीही दोनदा येऊन गेल्या होत्या. झाकणावरचा ‘एस’ त्याने नखाने उचकटला. तो नुसता स्टिकर होता.

मग त्याने टायरच्या आतल्या बाजूवर बॅटरी मारली. टायरवर डीओटी या अक्षरांनी सुरू होणारा क्रमांक असतो. त्याचे शेवटचे चार आकडे म्हणजे तो बनल्याचा आठवडा आणि वर्ष. माझ्या टायरवर होतं १११८. म्हणजे २०१८ सालचा अकरावा आठवडा. मी ‘नवे’ घेतले तेव्हा ते साडेपाच वर्षांचे होते. आणि हे मला आधी का दिसलं नाही? कारण चार आकड्यांसकट पूर्ण क्रमांक बऱ्याच टायरांच्या एकाच बाजूवर असतो. चारही टायर ती बाजू आत करून चढवले होते. बाहेरून अर्धवट क्रमांक दिसतो, तारीख नाही. टायरवर रबराचे बारीक केस होते म्हणून मला ते कोरे वाटले. कोरे होतेच, रस्त्यावर कधी चालले नव्हते. पण गोदामात पडून राहिलेलं रबरही कडक होत जातं, आणि कडक रबर ओल्या रस्त्यावर पकड सोडतं.

मापाचं थोडक्यात सांगतो. माझ्या गाडीचं मूळ माप १६५/८० आर १४, वरच्या मॉडेलचं १८५/६५ आर १५. दोन्ही चाकांचा एकूण व्यास जवळपास सारखा, ६२० मिलिमीटरच्या आसपास. मला त्याने १९५/५५ आर १५ चढवले, “रुंद आहेत, ग्रिप वाढेल” असं सांगून. त्यांचा व्यास भरतो ५९५. गाडी बारा मिलिमीटर खाली आली, काटा खऱ्यापेक्षा चार टक्के जास्त वेग दाखवायला लागला, आणि टायरची भिंत १३२ वरून १०७ मिलिमीटर झाली, म्हणजे खड्ड्याचा दणका थेट रिमला. हिशोब सोपा आहे: पहिल्या आकड्याचे दुसऱ्या आकड्याइतके टक्के काढा, दुप्पट करा, त्यात रिमचे इंच गुणिले २५.४ मिळवा. गाडीला कोणती मापं चालतात ते चालकाच्या दाराच्या खांबावरच्या स्टिकरवर लिहिलेलं असतं. मी नऊ वर्षं ते दार उघडत होतो.

त्या दिवशी स्टेपनी पुढे लावली, गाडी तिथेच टपरीमागे ठेवली आणि आम्ही एसटीने साताऱ्याला गेलो. आईने वाटेत एक शब्द काढला नाही. दुसऱ्या दिवशी मेव्हण्याने साताऱ्याच्या एका ओळखीच्या गॅरेजमधून स्विफ्टच्या तीन वापरलेल्या लोखंडी डिस्क आणल्या, टायरसकट. त्या लावून घरी आलो. पंक्चरवाल्याने माझ्याकडून फक्त दोनशे रुपये घेतले.

पुण्यात परत येऊन दुकानात गेलो. दुकानदार आधी म्हणाला की तुम्ही रिम बाहेर बदलल्या असतील. मी दसऱ्याचे फोटो पुढे केले. हार घातलेली गाडी, मागे त्याचंच काउंटर, दहा काड्यांची तीच रिम. मग म्हणाला, बिल दाखवा. इथे मी अडकलो, कारण बिल नव्हतं. ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ क्रमांकावर तक्रार नोंदवली, दुकानाने उत्तर दिलं नाही. मग जिल्हा ग्राहक आयोगाकडे अर्ज केला. वस्तूची किंमत पाच लाखांपर्यंत असेल तर तिथे शुल्क लागत नाही, वकीलही सक्तीचा नाही. यूपीआयचा उतारा, फोटो, आणि सातारच्या गॅरेजवाल्याने लेटरहेडवर लिहून दिलेली मोजमापं जोडली. रोख दिलेल्या १२,००० चा माझ्याकडे कागदाचा कपटाही नव्हता. कृपा करून टायर पक्क्या बिलावरच घ्या, आणि बिलावर टायरचं माप आणि ते चार आकडे लिहून घ्या. कर आता तर १८ टक्क्यांवर आला आहे.

रिम विकत घेताना एक मोजपट्टी खिशात ठेवा. चार भोकांची रिम उलटी करा. एका भोकाच्या डाव्या कडेपासून समोरच्या भोकाच्या डाव्या कडेपर्यंत मोजा, तीच पीसीडी. स्विफ्ट, आय टेन, होंडा सिटी या तिन्हींची १०० येते. तरी हबचं माप आणि नटाचे आटे वेगळे असू शकतात. सुझुकीच्या नटाचे आटे १.२५ चे (दोन आट्यांमधलं अंतर, मिलिमीटरमध्ये), ह्युंदाई आणि होंडाचे १.५ चे, दिसायला सारखेच. एअर गनने चुकीचा नट दामटला की स्टड, म्हणजे नट ज्यावर फिरतो तो हबचा बोल्ट, खराब होतो. म्हणून पहिले चार-पाच आटे हाताने फिरले पाहिजेत, समोर उभं राहून फिरवून घ्या. आणि नव्या रिमवर पन्नास-शंभर किलोमीटर झाले की नट एकदा पुन्हा तपासून घ्या. माझे एकदाही कोणी तपासले नाहीत, मीही नाही.

आयोगाची नोटीस गेल्यावर दुकानदाराचा फोन आला. २२,००० परत देतो, रिम आणि टायर आणून द्या, मिटवून टाकू. बायको म्हणाली घ्या, तारखांना किती दिवस जाणार. घ्यायचं ठरवलं. पण त्या रिम पुन्हा पॉलिश होऊन कोणाच्या तरी गाडीखाली जाणार, हे मला झोपू देईना. शेजारच्या फॅब्रिकेशनवाल्याकडे आकडे ठोकायचे पोलादी पंच होते. चारही रिमच्या मागच्या बाजूला, हबला टेकते तिथे, ‘४ × ९८’ ठोकून घेतलं. टायरच्या बाहेरच्या भिंतीवर पांढऱ्या ऑइल पेंटने ‘२०१८’ लिहिलं, हाताच्या पंज्याएवढं मोठं. पेंट वाळायला दोन दिवस लागले, म्हणून सोमवारी न्यायच्या त्या बुधवारी नेऊन दिल्या. त्याने एक चाक उचललं, आकडा वाचला आणि काही न बोलता पैसे मोजायला घेतले.