वजन उतरवा, गर्भ टिकेल : एका डब्याच्या विक्रीची गोष्ट

सोनोग्राफीत ठोके आले नाहीत, पिशवी साफ करून बाई घरी आली, की थोड्याच दिवसांत दारात एक ओळखीचा चेहरा येतो. कधी नात्यातली, कधी भिशीतली, कधी गल्लीतल्या 'न्यूट्रिशन क्लब'ची कोच. जळगाव, भुसावळ, अमळनेर, धुळे, शिरपूर, कुठेही जा, बोलणं एकाच साच्यातलं. "वहिनी, वजनामुळे गेलं बघा. तीन महिने शेकच्या पावडरीचा डबा घ्या, दहा किलो उतरवा. पुढचं टिकलंच म्हणून समजा." सासूबाईही समोर बसलेल्या असतात, त्यामुळे नाही म्हणायची सोय नसते.

हे धडधडीत खोटं असतं तर पकडणं सोपं होतं. अडचण अशी की त्यात चिमूटभर खरं आहे. वजन जास्त असेल तर गर्भपाताचा धोका वाढतो. किती वाढतो, हे मात्र कोच सांगत नाही. २०११ साली सहा अभ्यासांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला, त्यात २८ हजारांवर महिला होत्या. बीएमआय (उंचीच्या मानाने वजन किती, ते सांगणारा आकडा) बेताचा असलेल्यांत शंभरात साधारण ११ जणींचा गर्भ गेला, २८ किंवा त्याहून जास्त बीएमआय असलेल्यांत साधारण १४ जणींचा. फरक खरा आहे, पण शंभरात तिघींचा. सुरुवातीच्या महिन्यांत जाणाऱ्या गर्भांपैकी निम्म्याच्या आसपास गर्भांत गुणसूत्रांचाच दोष असतो. तो गर्भ धरतानाच ठरलेला असतो, त्यावर कुठल्याही पावडरीचा इलाज चालत नाही. वय हा तर वजनापेक्षा कितीतरी मोठा मुद्दा, पण वय कमी करायचा डबा अजून बाजारात आलेला नाही.

हमीचं गणितही इथेच दडलंय. एकदा गर्भपात झालेल्या शंभरातल्या जवळपास ८० जणींचा पुढचा गर्भ काहीही न करता टिकतो. म्हणजे कोचने शंभर जणींना नुसतं साखरपाणी विकलं तरी ८० पेढे तिच्या घरी येतील. त्या ८० जणींचे फोटो व्हॉट्सअॅप ग्रुपवर फिरतात. उरलेल्या वीस जणींना 'तुम्ही डाएट नीट पाळलं नाही' असं ऐकवलं जातं, आणि त्या गप्प बसतात.

पाचोऱ्याकडचं एक प्रकरण बघा. बाई २७ वर्षांची, वजन ६२ किलो, उंची १५५ सेंटिमीटर. आठव्या आठवड्यात पहिला गर्भ गेला. बीएमआय काढायला वजनाला मीटरमधल्या उंचीच्या वर्गाने भागायचं : १.५५ गुणिले १.५५ म्हणजे २.४०, आणि ६२ भागिले २.४० म्हणजे २५.८. क्लबमध्ये चरबी मोजायच्या मशिनीत उंची भरली १५०. लगेच आकडा झाला २७.६. कागदावर लाल पट्टी आली, खाली 'शरीराचं वय ४३' असं छापून आलं. बाई तिथेच रडायला लागली आणि पहिल्या डब्याचे साडेसहा हजार त्याच बैठकीत गेले.

ती मशीन म्हणजे जादू नव्हे. अनवाणी पायांतून अगदी सौम्य वीज जाते, तिला किती अडथळा होतो ते मोजलं जातं आणि त्यावरून सूत्राने चरबीचा अंदाज निघतो. भरलेली उंची आणि वय, अंगातलं पाणी, नुकतं झालेलं जेवण, ओले पाय, सगळ्याने आकडा हलतो. म्हणून पहिली मोजणी दुपारी, जेवण झाल्यावर, साडी-शाल अंगावर असताना होते. पुढची सकाळी उपाशीपोटी. किलो-सव्वा किलो तर तिथेच 'उतरतं'. गरोदरपणात अंगातलं पाणी वाढतं, तेव्हा त्या आकड्याला काहीच अर्थ राहत नाही.

पहिल्या आठवड्यात दोन-तीन किलो खरोखरच जातात, त्याचंही कारण साधं आहे. सकाळी शेक, रात्री शेक, दुपारी एकच अर्धपोटी जेवण. अन्न एवढं तोडलं की शरीर साठवलेली साखर, म्हणजे ग्लायकोजेन वापरतं. त्याच्या प्रत्येक ग्रॅमसोबत सुमारे तीन ग्रॅम पाणी बांधलेलं असतं, ते निघून जातं. चरबी जवळपास तिथेच असते. पोटभर भाकरी खाल्ली की काटा परत वर, आणि बाईला वाटतं डबा बंद केल्यामुळे वाढलं. या बाईने चार डबे संपवले, २६ हजार गेले. केस गळायला लागले, पाळी पुढे ढकलली गेली. थायरॉइडची टीएसएच तपासणी या सगळ्यात राहूनच गेली. केली तेव्हा टीएसएच बरीच वाढलेली निघाली, म्हणजे थायरॉइड मंदावलेलं होतं. पैशापेक्षा हे चार महिने महाग पडले.

डब्यात काय असतं? पुष्कळदा नुसती सोया-दुधाची प्रथिनं, साखर, जीवनसत्त्वं. किंमत सोडली तर बिनधोक. भीती आहे ती सुट्ट्या पुड्यांची आणि बिनालेबल कॅप्सूलची. भूक मारणारं सिब्युट्रामिन भारतात २०११ पासून बंद आहे, तरी 'हर्बल' नावाखाली असल्या मालात ते सापडत आलंय. त्याने रक्तदाब आणि ठोके वाढतात. काही भस्मांच्या गोळ्यांत शिसं निघतं, आणि शिसं स्वतःच गर्भाला घातक. वजन घटवायला इंजेक्शन कुणी सुचवलं तर डॉक्टरकडूनच घ्या. अशा इंजेक्शनातलं सेमाग्लुटाइड हे औषध दिवस राहायच्या निदान दोन महिने आधी थांबवावं लागतं.

लेबलवर एफएसएसएआयचा, म्हणजे केंद्राच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाचा, १४ आकडी क्रमांक दिसला की लोक निर्धास्त होतात. तो क्रमांक म्हणजे हे अन्न आहे, एवढंच. अन्नाच्या परवान्यावर 'गर्भ टिकतो' असा दावा करता येत नाही. औषध असेल तर उत्पादन परवान्याचा वेगळा क्रमांक छापावा लागतो. लठ्ठपणा आणि स्त्रियांचं वंध्यत्व हे दोन्ही आजार १९५४ च्या आक्षेपार्ह जाहिरात कायद्याच्या यादीत आहेत. ते बरे करतो म्हणून औषधाची जाहिरात करणं हाच गुन्हा.

सातपुड्याच्या बाजूला, धडगाव-अक्कलकुव्याकडे, हाच धंदा उलटा फिरतो. तिथे बाई ४० किलोची. बीएमआय १८.५ च्या खाली असेल तरीही गर्भपाताचा धोका थोडा वाढतोच, म्हणून तिला 'ताकदीची पावडर' आणि भूक लागायच्या गोळ्या विकतात. अशा गोळ्यांत भूक वाढवणाऱ्या सायप्रोहेप्टाडिनसोबत डेक्सामेथासोन हे स्टिरॉइड असू शकतं. चेहरा भरतो, अंगावर पाणी धरतं, घरचे म्हणतात बाळसं आलं. आत रक्तातली साखर वाढत असते. त्या भागात वारंवार गर्भ जात असेल तर आधी सिकलसेलची (रक्तपेशी विळ्यासारख्या होणाऱ्या आनुवंशिक आजाराची) तपासणी करा. अंगणवाडीतल्या अमृत आहाराचं एक वेळचं गरम जेवण त्या पावडरीपेक्षा कितीतरी मोलाचं.

मग वजनाचं करायचं काय? दिवस राहण्याआधी उतरवायचं, तेही पाच ते दहा टक्के. ६२ किलोच्या बाईने तीन ते सहा किलो, आठवड्याला अर्धा किलो या बेताने. दादरची, म्हणजे खानदेशी ज्वारीची भाकरी, डाळ, उसळ, ताक राहू द्या. शेवभाजीवरची तर्री आणि चहातली साखर आधी कमी करा. फॉलिक अॅसिड रोज ४०० मायक्रोग्रॅम, दिवस राहायच्या आधीपासून बाराव्या आठवड्यापर्यंत. बीएमआय ३० च्या वर असेल तर जास्त मात्रा लागते, ती डॉक्टर ठरवतील. दिवस राहिल्यावर वजन घटवायचं नाही. जाड बाईनेही नऊ महिन्यांत पाच ते नऊ किलो वाढवायचे असतात. ओळीने दोन गर्भ गेले असतील तर थायरॉइड, साखर, रक्त गोठण्याशी संबंधित प्रतिपिंडं आणि पिशवीची रचना तपासून घ्या. प्राथमिक आरोग्य केंद्रात दर महिन्याच्या ९ तारखेला गरोदर बायांची मोफत तपासणी असते, तिथून पुढची चिठ्ठी मिळते.

पैसे देऊन बसला असाल तर डबा फेकू नका. सील न फोडलेला एक डबा, बिल, यूपीआयच्या नोंदी आणि कोचचे हमीचे मेसेज सांभाळून ठेवा. बिल मिळालंच नसेल तर व्हॉट्सअॅपवर मागा. तिचं उत्तरही पुरावा होतं. थेट विक्रीच्या २०२१ च्या नियमांनुसार विक्रेत्याने ओळखपत्र बाळगायचं असतं आणि आधी वेळ ठरवल्याशिवाय घरी यायचं नसतं. भेसळीचा संशय असेल तर जिल्ह्याच्या अन्न व औषध प्रशासनाकडे लेखी अर्ज द्या. पैशासाठी आधी ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या नंबरवर फोन करा, मग जिल्हा ग्राहक आयोग. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी लागत नाही, मुदत दोन वर्षांची. आणि पावडर चालू असतानाच दिवस राहिले असतील तर ती त्याच दिवशी थांबवा. डबा, कॅप्सूल, पुड्या, जे काही असेल ते पिशवीत घालून डॉक्टरांपुढे ठेवा. कोचने 'डॉक्टरला सांगू नका' म्हटलं असेल, तर तेही सांगा.