रोरी गॅलाघरचे अल्बम, एका साऊंडवाल्याच्या कानाने

कुडाळजवळ माझा साऊंडचा धंदा आहे. दोन भोंगे आणि एक आहुजाचा अँप, एवढ्यावर सुरू केला होता. आता बॉक्स, मिक्सर, जनरेटर टेम्पोत भरून जत्रा फिरतो. भजनाच्या डबलबाऱ्या, दशावतार, लग्नं, गणपती, जे येईल ते. गाणं कानावर पडलं की माझं लक्ष सुराच्या आधी माईक कुठे ठेवला असेल तिकडे जातं. पुढचं सगळं त्याच कानाने लिहिलंय, तेव्हा रागदारीवाल्यांनी माफ करावं.

1996 च्या सुमाराची गोष्ट. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात एक जण चादरीवर जुन्या कॅसेटी मांडून बसला होता. त्यातल्या एकीला कव्हरच नव्हतं, नुसतं बॉलपेनने ‘आयरिश टूर’ लिहिलेलं. पंधरा रुपयांना घेतली. मला वाटलं, कुठलंतरी प्रवासवर्णन असेल. टेम्पोत लावली आणि आधी लोकांचा कल्ला ऐकू आला, मग गिटार. बांदा आलं तेव्हा एक बाजू संपली होती, आणि मी चेकनाक्याच्या अलीकडे गाडी बाजूला घेऊन कॅसेट उलटी करत होतो. दुसरी बाजू संपेपर्यंत कुडाळ मागे पडलं होतं. घरी आईने विचारलं, “हो काय बोंबलता रे? तेका कोणी मारल्यान काय?”

तो बोंबलणारा म्हणजे रोरी गॅलाघर, आयर्लंडचा रॉक गिटारवाला आणि गायक. आयर्लंडातली माणसं ‘गॅलाहर’ म्हणतात म्हणे, आम्ही आपले गॅलाघर. जन्म 1948, डोनेगल परगण्यातल्या बॅलीशॅननचा, वाढला कॉर्कमध्ये. आधी ‘टेस्ट’ नावाचा तिघांचा बँड होता, तो 1970 मध्ये फुटला. 1971 पासून स्वतःच्या नावावर अल्बम काढायला लागला आणि 1990 पर्यंत अकरा स्टुडिओत आणि तीन लोकांसमोर वाजवलेले, असे चौदा झाले. मी कॅसेट घेतली तेव्हा त्याला जाऊन वर्ष उलटलं होतं. यकृत बदललं, मग जंतुसंसर्ग झाला, 14 जून 1995 ला लंडनमध्ये गेला. वय 47. मला हे कळायला आणखी आठ-दहा वर्षं लागली. तोवर मी त्याला जिवंत धरून चाललो होतो.

माझं मत आधीच सांगून टाकतो. हा माणूस समोर लोक असल्याशिवाय पूर्ण उघडत नाही. म्हणून सुरुवात ‘आयरिश टूर 74’ पासून करा. स्टुडिओतले अल्बम त्यानंतर. त्यातलेही जे खोलीत चौघे एकत्र बसून वाजवतायत असे वाटतात तेच चांगले आहेत.

‘आयरिश टूर’ जानेवारी 1974 चा. बेलफास्ट, डब्लिन, कॉर्क. तेव्हा बेलफास्टमध्ये रोज बॉम्बच्या बातम्या, बाहेरचे बँड तिकडे फिरकत नव्हते. हा मात्र जायचा. त्याचं कौतुक सगळेच करतात, मी वेगळ्या कारणाने करतो. हॉलमधली गर्दी रेकॉर्डिंगमध्ये ठेवलीय. आपल्याकडच्या कित्येक लाईव्ह कॅसेटींत टाळ्या मागून चिकटवल्यासारख्या येतात, गाणं संपलं की नळ उघडल्यासारख्या. इथे लोक गाण्याच्या मधेच ओरडतात, टाळ्यांचा ठेका ड्रमच्या किंचित मागे पडतो, कारण आवाज हॉलच्या मागच्या भिंतीपर्यंत जाऊन येतो. मोठ्या मांडवात मागच्या रांगेतले टाळ असेच मागे पडतात. हे खोटं करता येत नाही.

‘अ मिलियन माइल्स अवे’ हे गाणं रात्री हेडफोन लावून ऐका. समुद्रकाठच्या हॉटेलातला बार, भरपूर माणसं, आणि हा एकटा, वादळी खाडीत वाहून चाललेल्या ओंडक्यासारखा. आमच्याकडे श्रावणात खाडीवर असे ओंडके येतात, ते बघितलेल्या माणसाला इंग्रजी कमी आलं तरी चालतं. नऊ मिनिटांच्या वर आहे. मधे बँड हळूहळू खाली येतो, ऑर्गन नुसता धुक्यासारखा उरतो, गिटार जवळजवळ बोलण्याच्या आवाजात. दशावतारात पहाटे तीनच्या सुमाराला राजा एकटा उभा राहून विलाप करतो, तेव्हा नाईक पेटीचा एकच सूर धरून ठेवतो आणि पखवाजवाला बोटांनी नुसतं शाईवर टेकतो, अगदी तसं. अशा वेळी नवशिका साऊंडवाला घाबरून आवाज वाढवतो आणि माईक शिट्टी मारतो. 1974 मध्ये मिक्सरवर बसलेल्या माणसाने हात आवरला, त्याला माझा नमस्कार. मग गिटार परत चढते तेव्हा पोटात गोळा येतो. हेच गाणं ‘टॅटू’ या 1973 च्या स्टुडिओ अल्बमवर आहे, तिथे ते चांगलं आहे, एवढंच.

त्याच अल्बममध्ये ‘अ‍ॅज द क्रो फ्लाइज’ मध्ये बँड नाही. पत्र्याची रेझोनेटर गिटार आणि तोंडाला माऊथऑर्गन, बस. ऐकल्यावर विजेच्या गिटारवाल्याला हे कसं जमतं असं वाटतं, पण त्याचा जीव मुळात जुन्या अमेरिकन ब्लूजवाल्यांत होता (ब्लूज म्हणजे तिकडच्या काळ्या लोकांची जुनी गाणी). 1972 च्या ‘लाईव्ह इन युरोप’ वर तर ‘गोइंग टू माय होमटाऊन’ तो मँडोलिनवर घेतो. मँडोलिन आणि लोकांच्या टाळ्या, एवढ्यावर अख्खा हॉल उभा केलाय. आमच्या भजनीबुवांना ऐकवलं होतं. त्यांनी डोळे मिटून ऐकलं आणि म्हणाले, “गजर आसा हो.” दाद म्हणून मला एवढी पुरे. त्याच सुमाराला इंग्लंडच्या ‘मेलडी मेकर’ या संगीताच्या साप्ताहिकाने त्याला वर्षातला अव्वल वादक ठरवलं होतं, पण बुवांचं मत माझ्यासाठी वरचं.

आता त्याची गिटार. 1961 ची फेंडर स्ट्रॅटोकास्टर, 1963 मध्ये कॉर्कच्या क्रॉलीच्या दुकानातून शंभर पौंडांना, हप्त्यावर. फोटोत बघाल तर तिचा रंग जवळपास सगळा गेलेला, आतलं लाकूड उघडं. वर्षानुवर्षं घामाने आणि वापराने गेला. काही जण आता मुद्दाम रंग खरवडलेल्या नव्या गिटारी विकत घेतात, त्यांनी कोकणात एक मे महिना काढावा, फुकटात होईल. एकदा ती चोरीला गेली होती, मग सापडली. 2024 मध्ये लिलावात जवळपास नऊ लाख पौंडांना गेली आणि आता ती आयर्लंडच्या राष्ट्रीय संग्रहालयाची. पुढे व्हॉक्स एसी 30 हा व्हॉल्व्हचा, म्हणजे जुन्या रेडिओत असायच्या तसल्या काचेच्या नळ्यांचा अँप आणि मधे डॅलस रेंजमास्टर नावाची छोटी पेटी, तीही वरची पट्टी धारदार करायला. बाकी पेडलांचा पसारा तेव्हा नव्हता. माझ्या सुरुवातीच्या दिवसांत एका भजनी मंडळाकडे व्हॉल्व्हचा जुना अँप होता. जास्त रेटला की आवाज फाटायचा नाही, जाड व्हायचा, पेटी गळ्यातून गायल्यासारखी. ट्रान्झिस्टरचा अँप फाटतो. रोरीचा आवाज कानाला बोचत का नाही, याचं अर्धं उत्तर त्या व्हॉल्व्हमध्ये आहे. उरलेलं अर्धं बोटांत.

स्टुडिओ अल्बमांत माझा क्रमांक पहिला ‘ड्यूस’ ला. 1971 चा दुसरा अल्बम, लंडनच्या डॉल्स्टन भागातल्या टँजरीन नावाच्या छोट्या स्टुडिओत केलेला. पहिला अल्बम त्याआधी काही महिने नीटनेटक्या मोठ्या स्टुडिओत झाला होता, त्यात ‘लाँड्रोमॅट’ आणि ‘आय फॉल अपार्ट’ अप्रतिम आहेत, पण सगळं जरा इस्त्री केलेलं. ‘ड्यूस’ मध्ये इस्त्री नाही. ‘इन युवर टाऊन’ ऐका, स्लाइडची नळी तारेवरून घसरते तो लोखंडाचा खरखराट तसाच ठेवलाय. शेवटच्या ‘क्रेस्ट ऑफ अ वेव्ह’ मध्ये स्लाइड परत. गेरी मॅकॅव्हॉयचा बास आणि विल्गर कॅम्पबेलचे ड्रम एकाच खोलीत आहेत हे कळतं, एकाचा आवाज दुसऱ्याच्या माईकमध्ये गळतो. आम्ही त्याला दोष म्हणतो, इथे तोच गुण झालाय.

1973 मध्ये दोन आले, ‘ब्लूप्रिंट’ आणि ‘टॅटू’. तोवर रॉड डी’अथ ड्रमवर आणि लू मार्टिन कीबोर्डवर आला होता. ‘टॅटू’ घ्या. ‘ब्लूप्रिंट’ मधलं ‘वॉक ऑन हॉट कोल्स’ चांगलं, पण ते ‘आयरिश टूर’ वर आणखी चांगलं आहे, त्यामुळे घाई नाही. ‘अगेन्स्ट द ग्रेन’ मधे लेडबेली या जुन्या अमेरिकन ब्लूजवाल्याचं ‘आउट ऑन द वेस्टर्न प्लेन’ वेगळ्या जुळवणीच्या तारांवर वाजवलंय. ते एक गाणं मी निदान दोनशे वेळा ऐकलं असेल, अल्बम मात्र सलग चार वेळा.

‘कॉलिंग कार्ड’, 1976. डीप पर्पल या इंग्लंडच्या रॉक बँडमधल्या रॉजर ग्लोव्हरने निर्मितीत हात घातला होता. माझ्या नियमाला हा एकच अपवाद. आवाज घासूनपुसून आहे, तरी जीव शाबूत. ‘मूनचाइल्ड’ ची सुरुवातीची गिटार एकदा ऐकली की दिवसभर डोक्यातून जात नाही. मी बॉक्स उतरवताना तीच गुणगुणतो, पोरं हसतात. ‘एज्ड इन ब्लू’ हळवं आहे, आणि ते त्याला शोभलंय.

पुढची गोष्ट मला आवडते. पुढचा अल्बम सॅन फ्रान्सिस्कोत करून झाला होता, आणि मिक्सिंग ऐकून रोरीने तो चक्क टाकून दिला. सगळा खर्च, सगळे दिवस. मग बँडही बदलला, फक्त मॅकॅव्हॉय राहिला, टेड मकेना ड्रमवर आला, आणि जर्मनीत जाऊन ‘फोटो-फिनिश’ केला, 1978. टाकलेला अल्बम 2011 मध्ये ‘नोट्स फ्रॉम सॅन फ्रान्सिस्को’ म्हणून निघाला. ऐकल्यावर कळतं की तो इतका वाईट नव्हता, पण रोरीला काय खुपलं तेही कळतं: थर फार चढवलेत, माणूस खाली दबलाय. ‘फोटो-फिनिश’ मधलं ‘शॅडो प्ले’ भन्नाट. त्यानंतर ‘टॉप प्रायॉरिटी’ मध्ये ‘फिल्बी’ नावाचं हेरावरचं गाणं, त्यात विजेची सतार. आपल्या कानाला ती सतार वाटत नाही, डब्यावर मधमाशी बसल्यासारखी वाटते, तरी मजा येते.

‘स्टेज स्ट्रक’ (1980) लाईव्ह असूनही मला आवडत नाही. सगळी गाणी एकाच जोरात. खाली यायला जागाच नाही. एवढा वेळ लोकांसमोरच ऐका म्हणून सांगितलं, त्यात ही पाचर. ‘जिंक्स’ बरा. शेवटचे दोन, ‘डिफेंडर’ (1987) आणि ‘फ्रेश एव्हिडन्स’ (1990), तब्येत बिघडत चाललेली असताना केलेले, आणि तरी ‘घोस्ट ब्लूज’ मध्ये म्हातारा ब्लूजवाला बसल्यासारखा वाटतो. या दोघांना लोक मोजत नाहीत, ते चूक आहे.

खरेदीबद्दल. ‘आयरिश टूर’ ची 2014 साली मोठी पेटी निघालीय, सात सीडी आणि एक डीव्हीडी, तिन्ही शहरांचे कार्यक्रम. महाग आहे, मी पुण्याच्या मित्राची उसनी आणून ऐकली. बेलफास्टची रात्र कॉर्कपेक्षा ताणलेली आहे, कॉर्कला तो घरच्या अंगणात आहे. नव्याने ऐकणाऱ्याला साधा जुना अल्बम पुरे, फोनवरही मिळतो. एलपीच्या नादाला कोकणात लागू नका. मी ‘टॅटू’ ची एलपी ऑनलाइन मागवली होती, ऐन जुलैत. पातळ पाकिटात आली, बाहेरून ओली, आतून वाकडी. सुई लाट चढल्यासारखी वर-खाली. विकणाऱ्याने फोटो मागितले, फोटो पाठवले, मग तो गप्प झाला. एलपी भिंतीवर लावलीय. तिच्या पुठ्ठ्याला आता बुरशी धरलीय, आणि दर रविवारी बायको ओल्या फडक्याने पुसते, जे करू नये असं तिला मी तीनदा सांगितलंय.

म्हापशाची कॅसेट दोनदा तुटली, दोनदा सेलोटेपने जोडली. ‘वॉक ऑन हॉट कोल्स’ च्या मधे एक सेकंद गायब आहे. आता ते गाणं फोनवर पूर्ण ऐकलं की तो एक सेकंद जास्तीचा वाटतो. ‘डिफेंडर’ ची सीडी भाच्याने गणपतीत नेलीय, आता तुळशीचं लग्न होऊन गेलं तरी आणून दिलेली नाही.