होम लोनचे 48 हप्ते भरून झाल्यावर: 52 लाखांचा फ्लॅट नक्की कितीला पडतोय

आम्ही ऑक्टोबर 2021 मध्ये पुण्यात धायरीला 2 बीएचके घेतला, त्याच्या लोनचे ऑक्टोबर 2025 ला 48 हप्ते पूर्ण झाले. लोन घेताना सगळे जण व्याजदर सांगतात आणि ईएमआय सांगतात, पण चार वर्षं वापरून झाल्यावर काय दिसतं ते कोणी बसून सांगत नाही, म्हणून सगळे आकडे देतेय. बँकेचं नाव देत नाही, कारण जे आमच्या बाबतीत झालं ते त्याच काळात लोन घेतलेल्या माझ्या ऑफिसमधल्या तिघांच्या बाबतीत वेगवेगळ्या बँकांमध्ये कमीजास्त फरकाने झालंय.

फ्लॅट 52 लाखांचा. रेडी पझेशन होता, कंप्लिशन सर्टिफिकेट आलेलं होतं, त्यामुळे जीएसटी लागला नाही (अंडर कन्स्ट्रक्शन असता तर 5 टक्के लागला असता). स्टँप ड्युटी पुण्यात तेव्हा 6 टक्के, म्हणजे 3,12,000, रजिस्ट्रेशन 30,000. फ्लॅट दोघांच्या नावावर घेतला. फक्त माझ्या नावावर घेतला असता तर बाईच्या नावाची 1 टक्का सवलत मिळाली असती, म्हणजे सरळ 52,000, हे रजिस्ट्रेशनच्या दिवशी बाकड्यावर बसल्यावर शेजारच्या बाईंकडून कळलं. घ्यायच्या आधी घरात बसून ठरवा, तिथे गेल्यावर काही बदलता येत नाही.

लोन 40 लाख, 20 वर्षं, 6.90 टक्के, फ्लोटिंग म्हणजे बदलता दर, हप्ता 30,772. रिपो रेट (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते तो) तेव्हा 4 टक्के होता आणि त्यावर बँकेचा स्प्रेड, म्हणजे बँक स्वतःचे वर लावते ते, 2.90. या स्प्रेडकडे आम्ही ढुंकूनही बघितलं नाही, पुढे त्यानेच सगळ्यात जास्त त्रास दिला.

आणि या 40 लाखांतले फ्लॅटचे फक्त 38,80,000. उरलेले 1,20,000 म्हणजे लोनच्या इन्शुरन्सचा एकरकमी प्रीमियम. सँक्शनच्या वेळी आम्हाला सांगितलं गेलं की हा घ्यावाच लागतो, आणि पैसे तुम्हाला खिशातून द्यायचे नाहीत, लोनमध्येच टाकतो, महिन्याला नऊशे रुपयेच वाढतील. त्या 900 रुपयांना आम्ही हो म्हणालो. 923 रुपये गुणिले 240 हप्ते करा, 2,21,000 च्या वर जातं. लोनचा इन्शुरन्स त्याच बँकेकडून घ्यायची सक्ती नसते. साधा टर्म प्लॅन वेगळा घेतला असता तर कव्हरही जास्त मिळालं असतं आणि प्रीमियमवर 20 वर्षं व्याजही भरावं लागलं नसतं. याचा मला आजही राग आहे, कारण सही करताना आम्ही विचारलं होतं की हे ऐच्छिक आहे का, आणि उत्तर स्पष्टपणे "नाही" असं आलं होतं.

पहिलं दीड वर्ष आम्ही स्टेटमेंट बघितलंच नाही. हप्ता 5 तारखेला कटतोय, बाउन्स होत नाहीये, बास. मे 2022 पासून रिझर्व्ह बँकेने रिपो वाढवायला सुरुवात केली, बातम्यांमध्ये रोज होतं, पण आमचा हप्ता 30,772 च राहिला म्हणून आम्हाला वाटलं आपल्याला काही फरक पडला नाही, उलट नवरा म्हणायचा आपलं बरं झालं आपण स्वस्तात घेतलं.

एप्रिल 2023 मध्ये सासरे आमच्याकडे राहायला होते. आण्णांनी गावाकडचं घर पतसंस्थेच्या कर्जावर बांधलेलं, त्या काळी पासबुकात दर महिन्याला हाताने मुद्दल आणि व्याज वेगळं लिहून मिळायचं आणि तो हिशोब ते डायरीत उतरवून ठेवायचे. जेवताना त्यांनी सहज विचारलं, मुद्दल किती उतरलं तुमचं? आम्हा दोघांनाही सांगता येईना. मग रात्री ॲपवरून स्टेटमेंट डाउनलोड केलं, सकाळी ऑफिसला जाताना प्रिंट काढून त्यांच्या हातात दिलं, आणि संध्याकाळी घरी आले तर त्यांनी लाल पेनाने पाच ओळींना खूण करून ठेवली होती.

पहिला हप्ता, नोव्हेंबर 2021: व्याज 23,000, मुद्दल 7,772. जुलै 2022: व्याज 25,588, मुद्दल 5,184. ऑक्टोबर 2022: व्याज 28,753, मुद्दल 2,019. जानेवारी 2023: व्याज 29,850, मुद्दल 922. आणि त्या महिन्याचा, एप्रिल 2023: व्याज 30,644, मुद्दल 128.

एकशे अठ्ठावीस रुपये. 30,772 रुपये भरून कर्ज 128 रुपयांनी कमी झालं होतं. 18 हप्त्यांत साडेपाच लाखांच्या वर भरले होते आणि मुद्दल उतरलं होतं 88,000. आण्णा काही बोलले नाहीत, कागद फक्त माझ्यासमोर ठेवला.

झालं काय होतं ते नंतर नीट समजलं. रिपो 4 वरून 6.50 ला गेला, आमचा दर 6.90 वरून 9.40 ला. लोन रिपोला जोडलेलं असलं की दर किमान तीन महिन्यांतून एकदा रीसेट होतो, म्हणजे रिपोप्रमाणे नव्याने ठरतो. दर वाढला की दोनच गोष्टी होऊ शकतात, हप्ता वाढेल नाहीतर मुदत वाढेल. बँकेने आम्हाला न विचारता मुदत वाढवली. जुलै 2022 च्या रीसेटलाच उरलेले हप्ते 232 वरून 275 झाले होते. एका एसएमएसमध्ये 43 हप्ते, म्हणजे 13 लाखांच्या वर रक्कम, आणि तो एसएमएस नवऱ्याच्या फोनमध्ये ऑफर आणि ओटीपीच्या गर्दीत न वाचलेला पडून होता. 9.40 ला पोचल्यावर मी एक्सेलमध्ये मांडून बघितलं, 30,772 नेच भरत राहिलो तर 700 च्या वर हप्ते लागतात, म्हणजे 58 वर्षं. मी तेव्हा 36 ची होते.

हे एवढं टोकाला का जातं ते सांगते, कारण मलाही आधी वाटलं एक्सेल चुकतंय. 20 वर्षांच्या लोनमध्ये सुरुवातीच्या हप्त्यात मुद्दलाचा वाटा मुळातच लहान असतो, आमच्यात साडेसात-पावणेआठ हजार. 40 लाखांवर दर अडीच टक्के वाढला की व्याज महिन्याला आठ हजारांच्या आसपास वाढतं. म्हणजे मुद्दलाचा वाटा सगळा खाऊन टाकायला तेवढी वाढ पुरते. लोन जुनं असतं, अर्धं फिटलेलं असतं, तर एवढं झालं नसतं. 2020-21 मध्ये ज्यांनी स्वस्त दराने लांब मुदतीची लोनं घेतली त्यांना हे सगळ्यात जास्त लागलं.

ब्रँचमध्ये गेलो तर काउंटरवर सांगितलं की मुदत तुमच्या सोयीसाठीच वाढवली, तुमच्यावर हप्त्याचा भार यायला नको म्हणून. मी अर्ज दिला की मूळ मुदत ऑक्टोबर 2041 तीच पाहिजे, हप्ता वाढवा. दोन फेऱ्या आणि नवीन मॅंडेट (खात्यातून हप्ता कापायची परवानगी), जून 2023 पासून हप्ता 37,290 झाला. साडेसहा हजार एकदम वाढले, पहिले चारपाच महिने खूप ओढाताण झाली, मुलाचा स्विमिंग क्लास बंद केला, दिवाळीला गावी गेलो नाही. पण मुद्दल पुन्हा साडेसहा हजारांनी उतरायला लागलं.

त्याच ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं की दर रीसेट करताना ग्राहकाला हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय द्यायला पाहिजे, फिक्स्ड म्हणजे न बदलणाऱ्या दरात जायचाही पर्याय द्यायला पाहिजे (ही सक्ती ऑक्टोबर 2025 पासून राहिलेली नाही), आणि दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं ज्यात आतापर्यंत वसूल केलेलं मुद्दल आणि व्याज, हप्ता, उरलेले हप्ते हे सगळं असेल. जुन्या लोनलाही 31 डिसेंबर 2023 पर्यंत हे लागू करायचं होतं. तुमच्याकडे फ्लोटिंग लोन असेल तर हे तिमाही स्टेटमेंट मागून घ्या, येत नसेल तर लेखी मागा.

आता स्प्रेडचं. जानेवारी 2024 मध्ये ऑफिसमधल्या एका मुलाने आमच्याच बँकेतून लोन घेतलं, 8.50 ने. आम्ही 9.40 भरतोय! रिपो दोघांनाही तोच, 6.50. फरक स्प्रेडचा, त्याला 2.00 आणि आम्हाला 2.90, कारण नवीन ग्राहकासाठी बँक स्प्रेड कमी करते, जुन्याचा आपणहून कमी होत नाही. मी दुसऱ्या बँकेचं बॅलन्स ट्रान्सफरचं (उरलेलं लोन त्यांच्याकडे हलवायचं) ऑफर लेटर घेऊन ब्रँचला गेले, मग कन्व्हर्जन, म्हणजे फी घेऊन याच लोनचा दर कमी, करून देतो म्हणाले, फी जीएसटीसकट 5,900, आणि दर 8.60 वर आला. पहिल्याच महिन्यात व्याज 2,571 ने कमी, तीन महिन्यांच्या आत फी वसूल. हप्ता 37,290 च ठेवला, त्यामुळे उरलेले 213 हप्ते 190 वर आले. चार वर्षांत मी केलेलं सगळ्यात कमी कष्टाचं आणि सगळ्यात जास्त फायद्याचं काम हेच. दोन वर्षांनी एकदा आपल्याच बँकेचा नवीन ग्राहकाचा दर बघा आणि आपला बघा, अर्धा टक्का जरी फरक असेल तरी जाऊन भांडा.

पार्ट पेमेंट, म्हणजे हप्त्याशिवाय मुद्दलात एकदम जास्तीची रक्कम भरणं, एकदाच जमलं, मार्च 2025 मध्ये, आरडी आणि नवऱ्याचा बोनस मिळून 2 लाख. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक होम लोनवर प्रीपेमेंटचा दंड लावता येत नाही, हे बऱ्याच जणांना अजून माहीत नाही आणि घाबरून भरत नाहीत. भरताना फॉर्मवर हप्ता कमी करायचा की मुदत कमी करायची असं विचारतात, तिथे मुदत लिहा. आमचे त्या 2 लाखांत 16 हप्ते गेले, म्हणजे जवळजवळ 6 लाख. भरलेले 2 लाख वजा केले तरी 4 लाखांचं व्याज वाचलं, अर्थात ते आज हातात येत नाही, शेवटच्या वर्षांत येणार.

ऑक्टोबर 2025 पर्यंत रिपो फेब्रुवारी, एप्रिल आणि जून असा तीनदा कमी होऊन 5.50 झाला होता, आमचा दर 7.60 झाला. आता उलटी गंमत बघा, दर वाढताना आपोआप मुदत वाढली होती, आणि दर उतरताना बँकेचा मेसेज आला की तुमचा हप्ता कमी होतोय. मी लगेच मेल केला की हप्ता आहे तोच ठेवा. मेल नसता केला तर हप्ता उतरला असता, आम्हाला बरंही वाटलं असतं, आणि मुदत तिथेच राहिली असती.

तर ऑक्टोबर 2025 चा हिशोब. 48 हप्ते आणि एक पार्ट पेमेंट मिळून भरले 18,66,078. त्यातलं व्याज 12,81,210. मुद्दल उतरलं 5,84,868, आणि त्यातही 2 लाख आम्ही वेगळे भरलेले. बाकी 34,15,132. दर आणि हप्ता असाच राहिला तर अजून 138 हप्ते, म्हणजे 2037 च्या एप्रिलला संपेल. तोपर्यंतचं सगळं धरून, आमचे सुरुवातीचे 13,20,000, स्टँप ड्युटी, रजिस्ट्रेशन, हे मिळून 52 लाखांचा फ्लॅट साडेशहाऐंशी लाखांना पडतोय. यात मेंटेनन्स, प्रॉपर्टी टॅक्स, किचन ट्रॉल्या, काहीच धरलेलं नाही.

टॅक्स वाचतो असं सगळे सांगतात, त्याबद्दल थोडं. जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट एका माणसाला वर्षाला 2 लाखांपर्यंतच. आणि नवीन रिजीममध्ये राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाहीच. मी यंदा नवीनमध्ये गेले कारण 12 लाखांपर्यंत टॅक्स लागत नाही, मग माझ्यापुरता होम लोनचा टॅक्स फायदा शून्य झाला. फक्त टॅक्स वाचवायला लोन चालू ठेवू नका, 100 रुपये व्याज भरून 20 किंवा 30 रुपये टॅक्स वाचतो, बाकीचे गेलेच.

घर घेतल्याचं मला दुःख नाही. भाड्याच्या घरात दर 11 महिन्यांनी सामान हलवलंय आम्ही, मुलाची शाळा दोनदा बदलली, ते आता नाही. आण्णा आले की गॅलरीत बसतात, त्यांनी तिथे तुळस आणि कढीपत्ता लावलाय. मला वाईट वाटतं ते त्या पहिल्या दीड वर्षाचं, जेव्हा आम्ही दोघंही शिकलेले, नोकरी करणारे, आणि आपल्या आयुष्यातल्या सगळ्यात मोठ्या खर्चाचा कागद उघडून बघत नव्हतो.

आता दर महिन्याला 6 तारखेला स्टेटमेंट काढते. नोव्हेंबरचा हप्ता: व्याज 21,629, मुद्दल 15,661. आण्णांना फोनवर सांगते, ते डायरीत लिहितात. इन्शुरन्स बंद करून उरलेल्या वर्षांचा प्रीमियम परत मिळावा म्हणून अर्ज दिलाय, त्यांचं उत्तर अजून यायचंय. येत्या मार्चला पुन्हा एक आरडी सुटतेय, 1,50,000 ची. मला ती लोनमध्ये भरायचीय, नवरा म्हणतो आधी सहा महिन्यांचे हप्ते एफडीत बाजूला ठेवू, नोकरीचं काही झालं तर धावपळ नको. त्याचंही बरोबर आहे. बहुतेक अर्धे अर्धे करू.