माळावरचे सरडे आणि ८×४२ दुर्बीण

सोलापूरजवळच्या नान्नजच्या माळावर सरडे ओळखायला १०×४२ पेक्षा ८×४२ दुर्बीण बरी (पहिला आकडा किती पट मोठं दिसतं तो, दुसरा पुढच्या भिंगाचा व्यास मिलिमीटरमध्ये). हाताची थरथर कमी जाणवते. घेताना दुकानातच २ मीटरवरचं बारीक अक्षर वाचून बघा. फोकस तिथे जमला नाही, तर पायाजवळचा सरडा धूसरच राहणार. पंख्यासारखा गळा फुलवणाऱ्या सरड्याच्या मागच्या पायाला चारच बोटं असतात. तो दगडावर निवांत बसला की ३ मीटरवरून मोजता येतात. गळा निळा-काळा-नारिंगी असेल तर तो Sarada (सरडा) या वंशाचा नर. हा थाट पावसाळ्याआधीच, एप्रिल-मेमध्ये. भर दुपारी मात्र चित्र थरथरतं. दोष भिंगाचा नाही, तापलेल्या हवेचा. भिंगावरची धूळ आधी ब्लोअरने (हवा फुंकणाऱ्या रबरी फुग्याने) उडवा, थेट पुसाल तर ओरखडे पडतील.