सरकारी कंत्राटातील वाद : रिट याचिका, लवाद की दिवाणी दावा?

सार्वजनिक बांधकाम विभाग किंवा जिल्हा परिषदेकडे बिल अडकले, की अनेक कंत्राटदार वकिलाकडे थेट रिट याचिकेची, म्हणजे शासनाच्या कृतीविरुद्ध उच्च न्यायालयात करायच्या अर्जाची, मागणी करतात. उच्च न्यायालयाचा खर्च कमी आणि निकाल लवकर, अशी त्यामागची समजूत असते. तक्रार अधिकाराच्या मनमानी वापराची आहे की पैशाच्या हिशोबाची, हे ठरवल्याशिवाय हा मार्ग धरू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

निविदा अन्यायाने अपात्र ठरवली असेल किंवा नोटीस न देता काळ्या यादीत टाकले असेल, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालील रिट हाच योग्य उपाय होय. मात्र ‘टाटा सेल्युलर’ निकालापासून (१९९४) न्यायालय निर्णयाची प्रक्रिया तपासते. निविदेतील तांत्रिक गुणदोषांवर अपिलासारखा विचार करत नाही. पैशाच्या बाबतीत ‘एबीएल इंटरनॅशनल’ (२००४) या निकालाने कराराच्या वादातही रिटचे दार बंद नसल्याचे सांगितले, पण व्यवहारात ते उघडते ते मुख्यतः कबूल रकमेसाठी. झालेल्या कामाची मोजमाप पुस्तिकेत नोंद झाली आहे, अंतिम देयकावर कार्यकारी अभियंत्याची सही आहे आणि तरीही रक्कम मिळत नाही, असे प्रकरण रिटमध्ये टिकू शकते. पायाखोदाईत कठीण खडक लागला म्हणून जादा दराची मागणी केली आणि विभागाने तो खडकच नाकारला, तर साक्षीपुरावा व उलटतपासणी लागते; अशा वेळी उच्च न्यायालय बहुधा अन्य उपायाकडे पाठवते.

तो अन्य उपाय कोणता, हे करारनामाच सांगतो. लवादाचे, म्हणजे वाद न्यायालयाऐवजी पक्षांनी मान्य केलेल्या निर्णयकर्त्याकडे नेण्याचे, कलम असेल, तर दिवाणी दावा दाखल करूनही १९९६ च्या लवाद कायद्याच्या कलम ८ नुसार प्रतिपक्ष तो लवादाकडे वळवू शकतो. करारातील हे लवादाचे कलम नीट वाचावे, कारण ‘अधीक्षक अभियंत्याचा निर्णय अंतिम राहील’ एवढ्याच वाक्याने लवादाचा करार होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ‘टिपर चंद’ प्रकरणात (१९८०) सांगितले आहे. लवादात जाणकार निर्णयकर्ता मिळतो, निवाड्याला आव्हान देण्याची कारणेही मर्यादित असतात. परंतु लवादाचे शुल्क लहान कंत्राटदाराला जड जाते.

लवादाचे कलम नसेल, तर दावा उरतो. राज्य शासनाविरुद्ध दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. निकड असल्यास न्यायालयाच्या परवानगीने ती टाळता येते. तीन लाख किंवा त्याहून अधिक मूल्याचा बांधकाम कराराचा वाद व्यापारी न्यायालयाकडे जातो आणि तातडीचा दिलासा मागितला नसेल, तर दाव्यापूर्वी मध्यस्थी अनिवार्य असते. माल पुरवणाऱ्या सूक्ष्म व लघु उद्योगांना २००६ च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग कायद्याखाली थकीत रकमेचे वाद हाताळणाऱ्या सुविधा परिषदेचा वेगळा मार्ग आहे, तोही चक्रवाढ व्याजाच्या हक्कासह. निव्वळ बांधकामाच्या कंत्राटांबाबत मात्र त्याच्या लागू होण्यावर वाद झालेले आहेत.

कोणताही मार्ग घेतला तरी मुदतीचे भान सुटता कामा नये. थकीत रकमेसाठी साधारणतः तीन वर्षांची मुदत असते आणि ‘बिल द्या’ अशी स्मरणपत्रे कितीही पाठवली तरी ती वाढत नाही. मुदतीच्या आत विभागाने सहीनिशी देणे मान्य केले, तर नवी मुदत सुरू होते. म्हणून असे पत्र मिळवून जपून ठेवावे. चुकीच्या न्यायालयात सद्भावनेने घालवलेला काळ दाव्याच्या मुदतीतून वगळून घेण्याची तरतूद मुदत कायद्याच्या कलम १४ मध्ये आहे, परंतु तिथे तत्परता सिद्ध करण्याचा भार कंत्राटदारावरच पडतो.